सेंट, वाघीण आणि दोन वर्षांचा पाठलाग : यवतमाळच्या खऱ्या थरारपटातल्या २० गोष्टी

‘ऑब्सेशन फॉर मेन’ हा केल्विन क्लाइन कंपनीचा पुरुषांसाठीचा सेंट. १९८६ साली तो बाजारात आला तेव्हा कंपनीने न्यूयॉर्क, पॅरिस, मिलान अशी सगळी शहरं डोळ्यांपुढे आणली असतील. राळेगाव तालुका काही आणला नसेल. पण ऑक्टोबर २०१८मध्ये हा सेंट यवतमाळ जिल्ह्याच्या रानात पोचला आणि तोही एका वाघिणीसाठी. दोन वर्षं ती कुणाच्या तरी मागावर होती आणि अख्खं वनखातं तिच्या मागावर.

थरारपटाला जे जे लागतं ते सगळं या गोष्टीत आहे. झपाटलेली माणसं, दबा धरून बसलेलं जनावर, कोर्ट, हत्ती, ड्रोन, विलायती कुत्रे आणि चक्क एक गोल्फपटू. यातले मृत्यू मात्र खरे होते, तेव्हा हसायचं कुठे आणि गप्प व्हायचं कुठे ते ज्याचं त्याने ठरवावं.

१. एका जिल्ह्यात दोन टी-१

वनखात्याच्या कागदावर या वाघिणीचं नाव टी-१. ‘अवनी’ हे नाव प्राणिप्रेमींनी दिलं आणि तेच देशभर गाजलं. गावात मात्र कुणी नुसतं ‘वाघीण’ म्हटलं तरी ‘कोणती?’ असं विचारायची गरज नव्हती. गंमत अशी की याच जिल्ह्यात, टिपेश्वर अभयारण्यात, आणखी एक टी-१ वाघीण होती. त्या दुसरीच्या पोरानेही पुढे जगभर नाव काढलं. त्याचा नंबर या यादीत शेवटचा.

२. जंगल म्हणावं तर शेत, शेत म्हणावं तर जंगल

टिपेश्वर अभयारण्य आहे १४८.६३ चौरस किलोमीटरचं. अवनीचा वावर होता साधारण दीडशे ते पावणेदोनशे चौरस किलोमीटरचा आणि तो सगळा अभयारण्याच्या बाहेर. मेळघाटासारखं सलग रान इथे नाही. कपाशी, तूर, सोयाबीन, मध्येच नाला, मध्येच झुडपी जंगलाचा तुकडा, त्यात रायमुनियाच्या गच्च जाळ्या. बोराटी, सराटी, लोणी, विहीरगाव ही गावं या सगळ्यात पेरल्यासारखी बसलेली. दहा पावलांवर वाघ बसलेला असला तरी दिसणार नाही अशी ही जमीन. वाघिणीला पकडायच्या मोहिमेसाठी वनखात्याने तळ ठोकला तो याच पट्ट्यातल्या लोणी गावात.

३. पहिला आणि तेरावा

१ जून २०१६ रोजी बोराटीच्या शिवारात एका वयस्क बाईचा बळी गेला. तिथून ऑगस्ट २०१८पर्यंत या पट्ट्यात १३ माणसं गेली, त्यांतली तीन एकट्या त्या शेवटच्या ऑगस्टमध्ये. सगळे बळी अवनीच्याच नावावर मांडायला वन्यजीव कार्यकर्त्यांनी शेवटपर्यंत हरकत घेतली, कारण त्याच रानात टी-२ नावाचा नरही फिरत होता. रहस्यकथेत दुसरा संशयित असतोच. इथेही होता, फक्त त्याच्यावर कॅमेऱ्यांचा झोत कधी पडला नाही.

४. मजुरी किलोवर, पाठ उघडी

वाघ शक्यतो मागून येतो. आता कापूस वेचणारी बाई कशी काम करते ते आठवा. ओटी पोटाशी बांधलेली, पऱ्हाटी छातीपर्यंत आलेली, कंबर वाकलेली, दोन्ही हात बोंडांत. एका बोंडातून कापूस ओढायचा, ओटीत टाकायचा, की हात पुढच्या बोंडावर. वेचणीची मजुरी मोजली जाते किलोवर. म्हणजे दर दोन मिनिटांनी ताठ उभं राहून मागे वळून बघायचं, तर संध्याकाळी काट्यावर वजन कमी भरतं. पाठलागाच्या सिनेमात नायिका सारखी मागे वळून बघते. राळेगावच्या शेतात हे वळून बघणं पैशांत पडत होतं. बायका मग एकट्यादुकट्या जायच्या बंद झाल्या. घोळक्याने जायचं, कुणीतरी काठी घेऊन राखणीला उभं राहायचं आणि दिवस मावळायच्या आत घर गाठायचं, असा रिवाज पडला.

५. डोक्यामागे दुसरा चेहरा

वाघ मागून येतो, तर मागेच तोंड लावून टाकू, ही शक्कल बंगालमधल्या सुंदरबनची. तिथे १९८६मध्ये मध आणि लाकडं आणायला जाणाऱ्या माणसांना डोक्याच्या मागे बांधायला मुखवटे देण्यात आले. समोरचा माणूस आपल्याकडेच बघतोय असं वाटलं की वाघ बिचकतो, हा हिशेब. सुरुवातीला तो जमलाही. मुखवटे घातलेल्या माणसांच्या मागे वाघ चालत राहिले, पण हल्ला करेनात. पुढे मात्र वाघांना यातली मेख कळू लागली, असं तिथले जाणकार सांगतात. फसवणूक फार दिवस चालत नाही, मग समोर माणूस असो की वाघ.

६. रात्रीची लाईन आणि जागल

विदर्भातल्या शेतकऱ्याला रात्री शेतात जावंच लागतं. एक तर कृषिपंपाची लाईन कित्येकदा रात्रीची येते. दुसरं, रानडुक्कर आणि रोही एका रात्रीत पीक साफ करतात, म्हणून जागलीला जाणं भाग असतं. वाघाच्या भीतीने जागल बंद, की पीक डुकरांच्या हवाली. जागलीला जावं, तर बॅटरीच्या उजेडापलीकडे काय आहे कोण जाणे. यवतमाळ जिल्ह्याचं नाव देशाला आधीच शेतकरी आत्महत्यांमुळे ठाऊक होतं. त्याच शेतकऱ्याच्या डोक्यावर हा आणखी एक भार येऊन पडला.

७. धुळीतली सही

ड्रोन आकाशात होते तरी वनरक्षकाचा दिवस सुरू व्हायचा खाली मान घालूनच. गाडीवाटेवरच्या मऊ धुळीत वाघाचा ठसा स्वच्छ उठतो. नराच्या मागच्या पायाचा ठसा साधारण चौकोनात बसतो, मादीचा थोडा लांबट, बोटं निमुळती. ठशाची कडा अजून धारदार असेल तर तो ताजा. कडा ढासळली असेल, त्यावरून मुंगी नाहीतर बैलगाडी गेली असेल तर तो शिळा. चांगली धूळ नसेल तिथे माती बारीक करून वाटेवर पसरून ठेवतात आणि दुसऱ्या दिवशी येऊन वाचतात. पेपर वाचावा तशीच रोजची सवय, पण या पेपरात एकच बातमी शोधायची.

८. आपल्याच पावलांवर बिबट्याची पावलं

पाठलागात बाजू कधी पलटते ते कळत नाही. याचा नामी दाखला जिम कॉर्बेटचा. उत्तराखंडातल्या रुद्रप्रयागच्या नरभक्षक बिबट्यावर १२५ बळींची नोंद होती. कॉर्बेट त्याच्या मागावर असताना एकदा त्याला आपल्याच बुटांच्या ठशांवर बिबट्याचे ठसे उमटलेले दिसले. तो बिबट्याला शोधत होता आणि बिबट्या त्याच्या मागे चालत आला होता. १९२६च्या मे महिन्यात कॉर्बेटने त्याला टिपलं. यवतमाळच्या वनरक्षकांना रोज पायी गस्त घालताना हा किस्सा माहीत नसला तर बरंच.

९. पट्ट्यांचं आधार कार्ड

या मोहिमेत शंभरहून जास्त कॅमेरा ट्रॅप लागले होते. झाडाला किंवा खुंटाला बांधलेल्या या डबीत उष्णता आणि हालचाल ओळखणारा सेन्सर असतो. गरम अंगाचं काही समोरून गेलं की फोटो निघतो. प्रत्येक वाघाचे पट्टे वेगळे आणि त्याच वाघाची डावी बाजू उजवीसारखी नसते. त्यामुळे वाटेच्या दोन्ही बाजूंना समोरासमोर दोन कॅमेरे लावावे लागतात. वाघ मोजायची ही पद्धत भारतात रुजवली उल्हास कारंत यांनी, कर्नाटकातल्या नागरहोळेमध्ये, १९९०च्या दशकात. कॅमेऱ्याची अडचण एकच: वाघीण काल कुठे होती ते तो नेमकं सांगतो. मोहिमेला हवं होतं ती आत्ता कुठे आहे ते.

१०. अकरा मिनिटांचा मोह

आता सेंटकडे येऊ. याचं मूळ आहे न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयात. तिथले पॅट थॉमस यांनी २००३ साली २४ प्रकारचे सेंट दोन चित्त्यांसमोर आणून पाहिले. एस्टी लॉडरचा ‘ब्युटिफुल’ चित्त्यांनी सरासरी दोन सेकंदांत निकालात काढला. रेव्हलॉनचा ‘चार्ली’ साडेपंधरा सेकंद टिकला. नीना रिचीच्या ‘लेअर द्यु तां’ने दहा मिनिटांच्या वर मजल मारली. पहिला आला ‘ऑब्सेशन फॉर मेन’, तब्बल ११.१ मिनिटं. चित्ते त्या जागेवर अंग घासत, डोळे मिटून हुंगत बसायचे. पुढे ग्वाटेमालाच्या जंगलात जॅग्वारचा अभ्यास करणाऱ्यांनी तो कॅमेऱ्यांसमोर फवारला. एरवी समोरून सरळ निघून जाणारा जॅग्वार तिथे रेंगाळू लागला आणि अंगावरचे ठिपके ओळखू येतील असे फोटो मिळू लागले. राळेगावला आलेली कल्पना ही अशी दोन देश फिरून आली होती.

११. मांजराचा वास आणि नोबेल पारितोषिक

या सेंटमध्ये असं आहे तरी काय? तर सिव्हेटोन. हे मूळचं जवादी मांजराच्या शेपटीखालच्या ग्रंथीतलं द्रव्य. अत्तरवाले शेकडो वर्षं ते वापरत आले. आजच्या सेंटमधलं सिव्हेटोन मात्र प्रयोगशाळेत बनतं, त्यासाठी मांजराला कुणी हात लावत नाही. त्याचा रेणू म्हणजे १७ कार्बन अणूंचं एक भलंमोठं कडं. एवढं मोठं कडं टिकूच शकत नाही असा त्या काळी समज होता. लिओपोल्ड रुझिच्का या शास्त्रज्ञाने १९२०च्या दशकात तो खोटा ठरवला, आणि १९३९च्या रसायनशास्त्राच्या नोबेलपर्यंत त्याला पोचवणाऱ्या कामात या कड्यांचा मोठा वाटा होता. मोठ्या मांजरांना हा वास म्हणजे आपल्या इलाख्यात कुणीतरी परका सही करून गेलाय असं वाटत असावं, असा अभ्यासकांचा कयास आहे.

१२. वाघाच्या अंगाला आंबेमोहोर

वाघ कसा वास सोडतो हे कळलं तर गंमत आणखी वाढते. हद्द आखायला वाघ शेपटी वर करून झाडाच्या बुंध्यावर मागच्या मागे फवारा मारतो. कोलकात्याचे शास्त्रज्ञ रतनलाल ब्रह्मचारी यांनी या फवाऱ्याचा वर्षानुवर्षं अभ्यास केला. त्यात त्यांना सापडलं २-ॲसिटाइल-१-पायरोलिन नावाचं द्रव्य. हेच द्रव्य बासमतीला सुगंध देतं आणि आपल्या आंबेमोहोरालाही. जंगलात जुने जाणते लोक मध्येच थांबून ‘भाताचा वास येतोय’ म्हणतात तेव्हा त्यांना भूक लागलेली असते असं नाही. अशा वेळी पाऊल पुढे टाकण्याआधी जरा विचार करावा.

१३. गजराजाची ती रात्र

वाघीण झुडपांत दडते, मग उंचावरून बघायला हवं म्हणून मध्य प्रदेशातून हत्ती आले आणि चंद्रपूरकडून गजराज नावाचा हत्ती आला. हत्तीवर बसून डॉक्टरांनी बेशुद्धीची सुई मारायची असा बेत होता. ऑक्टोबर २०१८च्या पहिल्या आठवड्यात गजराजाने रात्री साखळी तोडली आणि तो गावांत शिरला. चहांद गावच्या एका बाईचा त्यात जीव गेला, पोहणा गावचा एक माणूस जखमी झाला. वाघिणीपासून वाचवायला आणलेल्या जनावराने माणूस मारला, यावर कुणी काय बोलणार? हत्ती परत पाठवण्यात आले.

१४. गोल्फपटू, इटलीचे कुत्रे आणि उडती छत्री

हत्ती गेल्यावर कुत्रे आले. नामांकित गोल्फपटू ज्योती रंधावा आपले केन कोर्सो जातीचे दोन कुत्रे घेऊन मोहिमेत दाखल झाले. ही इटलीची दांडगी, रुंद छातीची जात; वास काढत वाघिणीपर्यंत पोचायचं काम त्यांच्याकडे होतं. शिवाय मोटर लावलेला पॅराग्लायडर आणि उष्णता टिपणारे ड्रोन. जमिनीवर दोनशेच्या आसपास माणसं. तरी वाघीण हाती लागेना. आकाशातून बघणाऱ्याला खाली दिसायची ती रायमुनियाची हिरवी चादर. उन्हाने तापलेल्या जमिनीत वाघिणीच्या अंगाची ऊब वेगळी ओळखू येणंही सोपं नव्हतं. साधनं वाढत गेली तसतसा गावकऱ्यांचा एकच प्रश्न मोठा होत गेला: एवढं सगळं आलं, मग ती सापडत का नाही?

१५. सिनेमातली सुई आणि खरी सुई

सिनेमात सुई लागते आणि जनावर जागच्या जागी कोसळतं. खऱ्या सुईचा पल्ला काही दहा मीटरांचाच. ती मांसल भागात लागावी लागते, वजनाचा अंदाज घेऊन औषधाची मात्रा आधी ठरवावी लागते आणि लागल्यावरही जनावर आडवं व्हायला कित्येक मिनिटं जातात. तेवढ्या वेळात वाघ नाल्यापलीकडे किंवा सुई मारणाऱ्याच्या अंगावर, कुठेही असू शकतो. नुसत्या सुईचा भरवसा नाही आणि अंधारात तर मुळीच नाही. म्हणून राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाच्या नियमांत हे काम दिवसाउजेडी आणि पशुवैद्याच्या हजेरीत करायचं असं सांगितलेलं आहे. पुढच्या प्रसंगाआधी हा नियम लक्षात ठेवा.

१६. रात्री अकराचा शेवट

वाघिणीला आधी बेशुद्ध करून पकडा, ते जमलं नाही तरच मारा, असा वनखात्याचा आदेश होता. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने त्याला हरकत घेतली नाही आणि ११ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयानेही त्यात हात घालायला नकार दिला. २ नोव्हेंबरचा शुक्रवार, दिवाळी तोंडावर आलेली. बोराटीच्या शिवारात दुसऱ्या वाघिणीचं मूत्र आणि अमेरिकन सेंट शिंपडल्याचं त्या वेळच्या बातम्यांत आलं. रात्री अकराच्या सुमारास अवनी दिसली आणि हैदराबादचे नेमबाज असगर अली खान यांच्या गोळीने ठार झाली. आधी सुई मारली, तरी ती उघड्या जीपवर चालून आली, म्हणून स्वसंरक्षणासाठी गोळी झाडली, असं पथकाचं म्हणणं. प्राधिकरणाच्या चौकशी पथकाला ते पटलं नाही. गोळी लागली तेव्हा वाघिणीचं तोंड बंदुकीकडे नव्हतं आणि नियम मोडले गेले, असा ठपका त्यांनी ठेवला.

१७. तिकडे मेणबत्त्या, इकडे फटाके

दुसऱ्या दिवशी देशाचे सरळ दोन भाग झाले. राळेगावकडच्या गावांत फटाके फुटले, मिठाई वाटली गेली. शहरांत निषेधाचे मोर्चे निघाले, मेणबत्त्या लागल्या. केंद्रीय मंत्री मेनका गांधींनी राज्याचे वनमंत्री सुधीर मुनगंटीवार यांच्यावर जाहीर टीका केली. एकाच पक्षाचे दोन मंत्री वाघिणीवरून समोरासमोर, हे दृश्य कुणी पटकथेत लिहिलं असतं तर दिग्दर्शकाने खोडलं असतं. २०२१मध्ये प्रकरण पुन्हा सर्वोच्च न्यायालयात गेलं, अवमानाच्या याचिकेच्या रूपाने. पण मारण्याची परवानगी आमच्याच आदेशात होती असं न्यायालयाने लक्षात आणून दिल्यावर ती मागे घेण्यात आली. बाजू कुठलीही घ्या; संध्याकाळी पाचनंतर शेतात पाय टाकायची भीती वाटलेल्या माणसाला फटाक्याबद्दल बोल लावण्याआधी त्याच्या शेताच्या धुऱ्यावर एक रात्र काढून पाहावी.

१८. आईवेगळी

अवनीमागे दहा महिन्यांची दोन पिल्लं उरली, एक नर, एक मादी. वाघाची पिल्लं दीड-दोन वर्षं आईजवळ राहून शिकार शिकतात. या दोघांचं शिक्षण अर्ध्यावर तुटलं. मादीला डिसेंबर २०१८मध्ये पकडून पेंच व्याघ्र प्रकल्पात नेलं. तिथे मोठ्या कुंपणाआड ठेवून तिला शिकारीचा सराव दिला. माणसाचं तोंड शक्यतो दिसू न देता वाढवायचं, म्हणजे पुढे ती माणसाच्या जवळ येणार नाही, हे त्यामागचं तंत्र. ५ मार्च २०२१ रोजी तिला रानात सोडलं. जंगलात आधीच मालक होते. तिथे झालेल्या झुंजीत ती जबर जखमी झाली आणि आठवड्याभरातच गेली. दोन वर्षांच्या तयारीचा निकाल आठ दिवसांत लागला.

१९. ‘शेरनी’ आणि टी-१२

१८ जून २०२१ रोजी ‘शेरनी’ ॲमेझॉन प्राइमवर आला. दिग्दर्शक अमित मसुरकर, म्हणजे ‘न्यूटन’वाले, पटकथा आस्था टिकू यांची. पडद्यावर वाघिणीचं नाव टी-१२, तिलाही दोन पिल्लं, गावात निवडणूक, बाहेरून आलेला हौशी शिकारी आणि या सगळ्यांत अडकलेली वनाधिकारी, विद्या बालन. चित्रण मध्य प्रदेशात झालं आणि माणसं काल्पनिक ठेवली, पण यवतमाळच्या माणसाला कोणता प्रसंग कुठला ते सांगावं लागत नाही. चित्रपटाची खुबी अशी की वाघीण फार थोडा वेळ दिसते. भीती उभी राहते ती पानांच्या सळसळीतून, रिकाम्या पायवाटेतून आणि एकमेकांवर ओरडणाऱ्या माणसांतून. अवनीच्या मोहिमेतली माणसंही महिनोन् महिने अशीच जगली: वाघीण क्वचित दिसायची, पण ती नाही असा क्षण नव्हता. आणि सेंट? तेवढी एक खरी गोष्ट पडद्यावर दाखवली असती तर प्रेक्षकांनीच ‘काहीही दाखवतात’ म्हटलं असतं.

२०. त्याच जिल्ह्यातला दुसरा पाठलाग

अवनी गेल्यानंतर तीन-चार महिन्यांत, फेब्रुवारी २०१९मध्ये, टिपेश्वरच्या टी-१ वाघिणीच्या पोराच्या गळ्यात रेडिओ कॉलर बसली. नाव टी-१-सी-१. जूनमध्ये तो घर सोडून निघाला. नांदेड, हिंगोली, वाशीम, तेलंगणातला आदिलाबाद अशी मजल करत तो १३०० किलोमीटर चालून वर्षाच्या शेवटी बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. नऊ महिन्यांत त्याची एकूण चाल ३००० किलोमीटरच्या वर गेली. जगाने त्याचं नाव ठेवलं ‘वॉकर’. तासातासाला त्याचा ठिकाणा नोंदला जात होता. अशा पाच हजारांहून जास्त नोंदी झाल्या. शेतं, नाले, हमरस्ते ओलांडत तो बहुतेक रात्री चालला, दिवसा झुडपात पडून राहिला. तो बांधावरून गेला आणि शेतकऱ्याला पत्ताही नाही, असं किती ठिकाणी झालं असेल! त्याच्या मागून इतरही निघाले. मार्च २०२१मध्ये यवतमाळचाच एक वाघ ३३० किलोमीटरवरच्या गौताळ्यात दिसला. छत्रपती संभाजीनगरकडच्या (तेव्हाच्या औरंगाबादकडच्या) त्या रानात १९४०नंतर प्रथमच वाघ आला होता. २०२४च्या डिसेंबरात आणखी एक जण थेट धाराशिवच्या येडशी रामलिंग घाटात जाऊन उभा राहिला.

अवनीच्या वेळी हत्ती, कुत्रे, पॅराग्लायडर, सेंट आणि दोनशे माणसं लागली. वॉकरच्या वेळी गळ्यातला एक पट्टा पुरला. ती माणसांवर हल्ले करणारी आणि पिल्लांची आई, हा जागा शोधणारा तरणा वाघ. दोघांना एका मापाने मोजता येत नाही, हे खरं. तरी वाघ कुठे आहे हे आधी कळलं, तर गावाला आजच्या दिवसापुरतं सावध करता येतं. कॉलरचा खरा उपयोग तो. आणि वॉकरच्या एवढ्या चालीत माणूस जखमी झाल्याची घटना किती वेळा घडली? एकदा. तो झुडपात विसावला होता आणि काही जण त्याला बघायला आत शिरले होते. तीन हजार किलोमीटर वाघ कुणाच्या मागे लागला नाही. जी एक भानगड झाली, ती माणूस त्याच्या मागे गेला म्हणून.